मऊ बटाट्याला सोबत कशाची?

आयर्लंडमध्ये दुपारच्या ताटात बटाटा नसेल तर जेवण झाल्यासारखं वाटत नाही, असं म्हणणारी जुनी माणसं आजही पुष्कळ आहेत. उकडलेला बटाटा कुस्करून, त्यात लोणी आणि गरम दूध घालून केलेला मॅश हा त्यांचा रोजचा आधार. डब्लिनजवळच्या एका वृद्धनिवासाचं स्वयंपाकघर सांभाळणारी मराठी भाची आणि तिच्याकडे राहायला आलेली, नाशिकला गृहशास्त्र शिकवून निवृत्त झालेली मावशी, यांच्यात या मॅशवरून वाद रंगला. भाचीला रविवारच्या जेवणात मशरूम घातलेला मॅश द्यायचा होता. मावशीचं म्हणणं, म्हाताऱ्या माणसांच्या ताटातल्या सगळ्यात जुन्या पदार्थाला हात लावू नये. वरवर हा पाककृतीचा वाद आहे, पण त्याच्या मुळाशी एक गंभीर प्रश्न आहे. जे अन्न माणसाला धीर देतं, ते ओळखीचं असतं म्हणून देतं, की कुणीतरी मन लावून रांधलेलं असतं म्हणून? दोघींच्या भूमिका त्यांच्याच बोलण्यातून मांडल्या आहेत.

मावशी : मला आधी एवढंच सांग, त्यांच्यापैकी कुणी मागितलंय का हे? एखादी आजी म्हणाली का, की आमच्या बटाट्यात मशरूम घाल म्हणून?

भाची : तोंडाने कुणी मागितलं नाही. पण परत आलेली ताटं मी रोज बघते. मांस संपलेलं असतं, गाजरं अर्धी खाल्लेली असतात आणि मॅश जागच्या जागी असतो. जेवायला बसलं की आधी मिठाकडे हात जातो. वय वाढलं की जिभेची आणि त्याहून जास्त नाकाची जाणीव मंदावते. त्यात काही औषधांनी तोंडाची चव जाते. मीठ वाढवावं तर रक्तदाब आहेच. अन्न मऊ आहे, पचायला हलकं आहे, पण ते खाल्लंच जात नसेल तर काय उपयोग?

मावशी : अन्नावरची वासना जाणं हे म्हातारपणाचं खरं दुखणं आहे, यात वाद नाही. पण त्यावर उपाय म्हणून तू ताटातली सगळ्यात विश्वासाची वस्तू बदलायला निघालीस. मांसावरची ग्रेव्ही बदल, गाजरात काही घाल. मॅशच्या वाटेला का जातेस? आपल्याकडे ताप उतरला की मऊभात देतात. त्या वेळी माणसाला चविष्ट नको असतं, माहितीतलं हवं असतं. पहिला घास तोंडात जायच्या आधीच त्याला चव ठाऊक असते आणि त्या ठाऊक असण्यातच सगळा आराम असतो.

भाची : मऊभाताचा दाखला तू दिलास, तोच मी घेते. नुसता मऊभात आपण देतो कुठे? वर तूप घालतो, मेतकूट घालतो. भाजलेल्या डाळी, जिरं, हिंग, सुंठ असं सगळं त्या चिमूटभर पिठात असतं. तोंडाला चव यावी म्हणून ताटलीच्या कडेला लिंबाच्या लोणच्याची फोड ठेवतो. भात मऊ असतो, शांत असतो, म्हणून त्याच्या शेजारी काहीतरी बोलकं ठेवावं लागतं. मॅशच्या शेजारी मशरूमचं काम तेच आहे.

मावशी : तू आत्ता ‘शेजारी’ म्हणालीस. मघाशी ‘घालून’ म्हणत होतीस. या दोन्हींत मोठा फरक आहे, पण त्याकडे नंतर येऊ. आधी मला या देशातल्या बटाट्याबद्दल बोलायचंय. आपल्याकडे बटाटा अनेक भाज्यांपैकी एक. इथे तो तसा नव्हता. एकोणिसाव्या शतकाच्या सुरुवातीला इथला मजूर दिवसाला पाच-सहा किलो बटाटे आणि ताक यांवर जगत होता. तेच त्याचं अन्न. १८४५ मध्ये पिकावर करपा पडला आणि पुढच्या काही वर्षांत सुमारे दहा लाख माणसं भुकेने आणि साथींनी गेली, जवळपास तितकीच देश सोडून गेली. १८४१ च्या जनगणनेत या बेटावर सुमारे ८२ लाख माणसं होती. आज, पावणेदोनशे वर्षांनंतरही, ती संख्या पुन्हा गाठली गेलेली नाही. ज्यांच्या पणजोबा-पणजींनी हे भोगलं, त्यांच्या ताटातल्या बटाट्याशी जपून वागावं असं मला वाटतं.

भाची : तो इतिहास मला इथल्या माणसांकडूनच कळला आणि बटाट्याला हात लावताना तो मनात असतो. पण मावशी, त्याच इतिहासातून दुसरी गोष्टही दिसते. इथल्या बायकांनी बटाटा कधी नुसता सोडला नाही. पातीचा कांदा दुधात उकळून ते दूध मॅशमध्ये घालायचं, मधोमध खळगा करून त्यात लोण्याचा गोळा सोडायचा आणि कडेचा घास त्या वितळलेल्या लोण्यात बुडवून खायचा. त्याला चँप म्हणतात. केल किंवा कोबी घातला की तो कोलकॅनन. हॅलोवीनच्या रात्री त्या कोलकॅननमध्ये अंगठी लपवतात. जिच्या वाट्याला येईल तिचं वर्षभरात लग्न होणार, अशी समजूत. जवळ होतं ते बटाट्यात मिसळून खाणं हीच इथली रीत आहे.

मावशी : पातीचा कांदा, केल, कोबी. परसातलं जे होतं ते त्यांनी घातलं. त्यात मशरूम कुठे आहे?

भाची : परसात नव्हतं, कुरणात होतं. उन्हाळा सरताना, ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये, गुरं चरतात त्या गवतात पांढरी अळंबी उगवतात. आज आमच्या निवासात असलेल्या पुष्कळ आजी-आजोबांनी लहानपणी पहाटे उठून, दुसऱ्या कुणाच्या आधी ती गोळा केली आहेत. घरी आणायची, उलटी करून तापलेल्या चुलीवर ठेवायची, वाटीसारख्या भागात चिमूटभर मीठ किंवा लोण्याचा तुकडा घालायचा. मीठ विरघळून रस सुटला की तशीच तोंडात टाकायची. एकदा मी कर्मचाऱ्यांसाठी मशरूम परतत होते, तर दारातून जाणाऱ्या एक आजी चाकाची खुर्ची थांबवायला लावून मला हे सगळं सांगत बसल्या. त्या दिवशी त्या जितकं बोलल्या तितकं मी त्यांना आधी कधी बोलताना ऐकलं नव्हतं. मला मशरूमची कल्पना तिथून सुचली.

मावशी : हे तू आधी सांगायला हवं होतंस. आपल्याकडेही कोकणात पावसाळ्यात वारुळांच्या आसपास अळंबी उगवतात आणि ज्यांना ती जागा माहीत असते ते दुसऱ्याला सांगत नाहीत. माझ्या आईला त्यांचा सोस होता. पण तिचा एक नियम होता. ओळखणाऱ्या माणसाने आणलेली असतील तरच चुलीवर चढवायची. खाण्याजोग्या अळंब्यासारखंच दिसणारं विषारी अळंबं जीव घेतं.

भाची : आमच्या स्वयंपाकघरात रानातलं काहीच येत नाही. मोनाहनच्या बाजूला मशरूमची मोठी शेती होते, तिथलाच माल येतो. पांढरी बटण, तपकिरी बटण आणि पोर्टोबेलो ही तिन्ही एकाच जातीची अळंबी. टोपी मिटलेली असताना तोडली की बटण, पूर्ण उघडू दिली की पोर्टोबेलो. मी तपकिरी घेते. तिला वास जास्त असतो.

मावशी : बरं, आठवणीचा मुद्दा मी मानला. आता चवीचं बोल. मीठ न वाढवता चव वाढते म्हणतेस ती कशाने?

भाची : हे तुला माझ्यापेक्षा जास्त माहीत असेल. टोकियोत किकुनाए इकेदा यांनी १९०८ मध्ये कोंबू नावाच्या समुद्री शेवाळातून ग्लुटामेट वेगळं काढलं आणि गोड, आंबट, खारट, कडू यांपलीकडची एक चव आहे असं सांगितलं. त्यांनी तिला उमामी म्हटलं. पुढे १९५० च्या दशकाच्या अखेरीस अकिरा कुनिनाका यांना शिताके मशरूममधल्या ग्वानिलेटचा गुण लक्षात आला. ग्लुटामेट आणि ग्वानिलेट एकत्र आले की चव बेरजेने नव्हे, कितीतरी पटींनी वाढते. बटाट्यातही ग्लुटामेट असतं. म्हणजे बटाटा आणि मशरूम ही जोडी जिभेवर एकमेकांना उचलून धरते. सुकवलेल्या मशरूममध्ये ग्वानिलेट जास्त मिळतं, म्हणून मी मूठभर सुकी मशरूम कोमट पाण्यात भिजवते आणि ते पाणी गाळून वापरते. मग मीठ कमी घातलं तरी अळणी लागत नाही.

मावशी : शास्त्र बरोबर आहे. तरीही मी एक सांगते. वर्गात मी मुलींना पोषणमूल्यांचे तक्ते पाठ करायला लावले, पण जेवायला बसलेलं माणूस तक्ता खात नाही. तुझं ग्वानिलेट खरं आहे, पण बटाटाच धड झाला नसेल तर त्याचा काही उपयोग नाही. काल तुमच्याकडच्या ताटातला मॅश मी चाखला. तो मॅश नव्हता, खळ होती. चमच्याला चिकटून राहत होती. ताटं परत येतात त्याचं अर्धं कारण तिथे आहे.

भाची : काल माझी सुट्टी होती. घाईत मोठ्या मिक्सरला लावलं असेल.

मावशी : तेच. बटाट्याच्या पेशी म्हणजे स्टार्चने भरलेल्या पिशव्या. उकडल्यावर त्यांना एकमेकींशी धरून ठेवणारं पेक्टिन सैल होतं आणि पिशव्या सुट्या होतात. त्या सुट्या, पण न फुटलेल्या राहिल्या तर मॅश हलका होतो. मिक्सरचं पातं त्या फाडतं, फुगलेला स्टार्च बाहेर पडतो आणि सगळ्याचा चिकट गोळा होतो. एकदा खळ झाली की लोणी घाला, दूध घाला, ती सुधारत नाही.

भाची : आणि आमच्याकडे तो फक्त चवीचा प्रश्न नसतो. गिळायला त्रास होणाऱ्यांसाठी आता बऱ्याच देशांत एकच आंतरराष्ट्रीय मोजमाप वापरतात, शून्यापासून सातपर्यंत पातळ्या असलेलं. चौथ्या पातळीचं अन्न एकजीव असावं लागतं, त्यात गाठ चालत नाही आणि ते चिकट असूनही चालत नाही. चमचा तिरका केला की घास घरंगळून खाली पडला पाहिजे. चमच्याला धरून बसणारा बटाटा घशालाही धरून बसतो. पाचव्या पातळीला बारीक तुकडे चालतात, पण मोठ्या माणसासाठी ४ मिलिमीटरपेक्षा रुंद नाहीत.

मावशी : मग मिक्सर कपाटात ठेव आणि मी आणलेलं पुरणयंत्र काढ. तुझ्या आईने पाठवलं तेव्हा तू म्हणालीस, इथे पुरण कोण करणार. पुरणयंत्र डाळ फाडत नाही, जाळीतून दाबून काढतं. बटाट्यालाही तसंच हवं.

भाची : फ्रान्समध्येही हेच करतात. १९३२ मध्ये झां मांतले यांनी हाताने फिरवायचं भाजीयंत्र बाजारात आणलं, अगदी आपल्या पुरणयंत्राच्या जातीचं. गोष्ट अशी सांगतात की बायकोने वाढलेल्या बटाट्याच्या प्युरेत गाठी असायच्या, त्यावरून त्यांना ते सुचलं. त्याच उद्योगातून पुढे मूलिनेक्स ही कंपनी उभी राहिली. आणि जोएल रोबुशों या आचाऱ्याने पॅरिसमध्ये १९८१ साली उघडलेल्या जामँ या रेस्तराँमध्ये ज्या प्युरेने नाव कमावलं, तीही तशाच यंत्रातून निघायची. सालीसकट उकडलेले एक किलो बटाटे, पाव किलो थंड लोणी आणि गरम दूध. मोठमोठ्या पदार्थांच्या पंगतीत लोक त्या साध्या बटाट्यासाठी यायचे.

मावशी : बघ, जगातल्या नावाजलेल्या आचाऱ्याने बटाट्यात बटाटाच ठेवला. मशरूम घातलं नाही.

भाची : पण पाव किलो लोणी घातलं. आमच्या आहारतज्ज्ञ ते चालू देणार नाहीत. मी किलोला शंभर-सव्वाशे ग्रॅमवर थांबते. तेवढ्या लोण्याने जे साधत नाही, ते मशरूमकडून मिळवायचंय.

मावशी : ठीक. मग बटाटा कसा करणार ते सांग. शिकवल्यासारखं नको, करतेस तसं सांग.

भाची : रूस्टर घेते. लाल सालीचा, इथल्याच कार्लोच्या ओक पार्क संशोधन केंद्रात तयार झालेला वाण. उकडल्यावर तो फुटून पिठूळ होतो. मेणचट बटाटा सॅलडला चांगला, मॅशला नाही. सोलून सारख्या आकाराच्या फोडी करते, थंड पाण्यात घालून, मीठ टाकून मंद आचेवर चढवते. उकळत्या पाण्यात टाकले तर बाहेरून गळतात आणि आतून कच्चे राहतात. सुरी सहज आरपार गेली की पाणी काढते आणि झाकण न ठेवता पातेलं पुन्हा दोन मिनिटं आचेवर धरते. वाफेबरोबर अंगावरचं पाणी जातं. मग गरम असतानाच पुरणयंत्रातून काढायचे, आधी लोणी मिसळायचं, मग उकळी आलेलं दूध थोडं थोडं. लाकडी डावाने हलकेच. फेटायचं नाही. थंड दूध घातलं की बटाटा थंडावतो आणि दूध नीट मुरत नाही.

मावशी : आणि वाढेपर्यंत?

भाची : गरम पेटीत, ६३ अंशांच्या वर. नियमच आहे तो. एकदा गार झाला की स्टार्च घट्ट बसतो आणि दाणेदार लागतो. म्हणून उरलेला मॅश पुन्हा तापवून देत नाही, ताजाच करते.

मावशी : हे ऐकून मला बरं वाटलं. आता मशरूम. माझी खरी धास्ती पाण्याची आहे. मशरूममध्ये नव्वद टक्क्यांहून जास्त पाणी. ते मॅशमध्ये सुटलं की मॅश पातळ होणार आणि रंग राखेसारखा. म्हाताऱ्या माणसाचं निम्मं जेवण डोळ्यांनी असतं. पांढराशुभ्र मॅश बघायची सवय असलेल्याला करडा गोळा वाढला तर तो चमचा उचलणार नाही.

भाची : पाणी पॅनमध्येच आटवायचं. पसरट, जाड बुडाचा पॅन चांगला तापवायचा, थोडं तेल, आणि मशरूम एका थरात. गर्दी केली की ती स्वतःच्याच वाफेत शिजतात. टाकल्या टाकल्या ढवळायचं नाही. आधी अंगचं पाणी सुटेल, पॅन भरल्यासारखा वाटेल, मग ते आटेल. पाणी आहे तोवर पॅनमधलं तापमान शंभराच्या वर जात नाही आणि खरपूसपणा येत नाही. पाणी संपलं की चुरचुर आवाज बदलतो, कडा तपकिरी होतात आणि वास बदलतो. तिथून पुढे लोणी, बारीक कांदा, लसणीची एक पाकळी, थाईमची पानं. शेवटी भिजवलेल्या सुक्या मशरूमचं पाणी घालून तेही आटवायचं. अर्धा किलोचं निम्म्याहून कमी उरतं, पण सगळी चव त्यात असते. मीठ अगदी शेवटी.

मावशी : आणि दात नसलेल्यांचं काय? बटाटा शिजवला की मऊ होतो. अळंबी कितीही शिजवली तरी तशीच राहतात. त्यांच्या पेशींच्या भिंतीत कायटिन असतं, कोळंबीच्या कवचात असतं तेच. उष्णतेने ते विरघळत नाही.

भाची : म्हणून बारीक चिरायची, अगदी मोहरीएवढी. फ्रेंच लोक मशरूम, कांदा आणि लोणी असं बारीक चिरून, पाणी आटेपर्यंत परततात, त्याला डक्सेल म्हणतात. ते नाव सतराव्या शतकातल्या मार्क्वी द्युक्सेल या उमरावाशी जोडलं जातं. १६५१ मध्ये ज्याचं पाकशास्त्राचं पुस्तक आलं तो ला व्हारेन त्याच घराचा आचारी होता. डक्सेल करून ठेवलं की पाचव्या पातळीच्या ताटाला तसंच चालतं. चौथीसाठी थोडं दूध घालून वाटायचं आणि चाळणीतून काढायचं. मशरूममध्ये बटाट्यासारखा स्टार्च नसतो, ते वाटल्याने चिकट होत नाही.

मावशी : करण्यात तू कुठे कमी पडणार नाहीस हे मला दिसलं. आता मघाशी मागे ठेवलेल्या प्रश्नाकडे येऊ. हे मिश्रण तू मॅशमध्ये कालवणार की वर वाढणार?

भाची : मी कालवायचा विचार केला होता. प्रत्येक घासात थोडं येतं. वर ठेवलं तर कुणी बाजूला सारतं, कुणी आधी तेवढंच खाऊन टाकतं. चाळीस ताटं वाढायची असतात. एकच पदार्थ एका पळीत पडला की काम सोपं होतं.

मावशी : सोपं तुझ्यासाठी. मला इथे राहून एक गोष्ट जाणवली. तुमच्या निवासात सगळे प्रेमाने वागतात, स्वच्छता आहे, काळजी आहे. पण उठायचं कधी, आंघोळ कधी, शेजारी कोण बसणार, टीव्हीवर काय लागणार, सगळं दुसरं कुणीतरी ठरवतं. ज्या बाईने पन्नास-साठ वर्षं दुसऱ्यांच्या ताटात काय पडणार ते ठरवलं, तिच्या ताटात काय आणि किती मिसळायचं हेही आता आपणच ठरवायचं? कालवलेल्या मॅशमध्ये तिला निवड उरत नाही. नको असेल तर सगळंच सोडावं लागतं. वेगळं वाढलंस तर एक घास साधा, एक मशरूमचा, एक दोन्हींचा, असं तिचं तिला जमवता येईल. मऊभाताच्या कडेला लोणचं ठेवतो, भातात कुस्करून देत नाही, त्याचंही कारण हेच.

भाची : हे मी या बाजूने पाहिलं नव्हतं. मी घासातल्या चवीचा विचार करत होते, तू घास कोण बनवणार याचा करतेस. पण ज्यांना स्वतःच्या हाताने खाता येत नाही, ज्यांना भरवावं लागतं, त्यांचं काय? त्यांच्या बाबतीत निवड शेवटी भरवणारीच करते.

मावशी : भरवणारीने विचारायचं. ‘नुसता बटाटा देऊ की दोन्ही?’ एवढं विचारायला किती वेळ लागतो? बोलता येत नसेल तर दोन्ही दाखवायचं आणि डोळे कुठे जातात ते बघायचं. आणि वाटलेलं अन्न घेणाऱ्यांच्या ताटात पांढरं आणि तपकिरी असे दोन वेगळे भाग वाढायचे. सगळं एकत्र करून एक तपकिरी गोळा वाढला की जेवणाचं औषध होतं. वाटलेलं असलं तरी ते जेवणच दिसलं पाहिजे.

भाची : हे करता येईल. दोन पळ्या, दोन भांडी. वाढायला दहा मिनिटं जास्त लागतील, तेवढी मी आधी काढून ठेवीन. पण मी माझ्या मुद्द्यावरून पूर्ण हटत नाही. तुझ्या म्हणण्याप्रमाणे ओळखीचं अन्न म्हणजे न बदललेलं अन्न. मला ते पटत नाही. त्यांच्या लहानपणीचा मॅश ताज्या काढलेल्या बटाट्याचा होता, घरच्या लोण्याचा होता, आणि तो चाखणारी जीभ तरुण होती. आज तीच कृती जशीच्या तशी केली तरी त्यांना तो मॅश मिळत नाही, कारण जीभ बदलली आहे. जीभ बदलल्यावर जुन्या चवीपर्यंत पोचायला कृती थोडी बदलावीच लागते. मशरूम ही मला त्या चवीकडे परत जायची वाट वाटते.

मावशी : हा मुद्दा मी घेऊन जाईन, अगं. इतकी वर्षं शिकवताना मी कृती टिकवायला सांगत आले. चव टिकवण्यासाठी कृती बदलावी लागते हे तू आज चांगलं मांडलंस. पण माझंही एक ठेव. काहींना बदल नकोच असेल. ज्यांची आठवण हळूहळू पुसली जातेय, त्यांच्याकडे ओळखीच्या गोष्टी थोड्याच उरतात. त्यांना ताटात तपकिरी काहीतरी दिसलं आणि ते बावरले, तर तुझी उमामी त्यांच्या कामाची नाही. त्यांच्यासाठी पांढरा मॅश पांढराच राहू दे. दर रविवारी.

भाची : राहील. पण ज्यांना हवं त्यांना मी फक्त रविवारी नाही, आठवड्यातून तीनदा देणार.

मावशी : तीनदा जास्त होतं.

भाची : ताटं सांगतील. रिकामी आली तर तीनदा, नाही तर एकदा.

मावशी : चालेल, ताटांवर सोडू. पण माझी एक अट आहे आणि ती सोडणार नाही. मशरूमच्या कौतुकात नुसता मॅश मागणाऱ्याच्या वाट्याला दुय्यम बटाटा येता कामा नये. जी आजी ‘मला काही नको, फक्त बटाटा’ म्हणेल, तिचा बटाटाही पुरणयंत्रातूनच निघाला पाहिजे, दूधही तितकंच गरम असलं पाहिजे. साधं मागणाऱ्याला कमी मेहनतीचं वाढायचं नाही.

भाची : मान्य. मग सुरुवात बटाट्यापासून करते. दोन्ही ताटांसाठी एकच मॅश, एकाच पातेल्यातला. मशरूम त्यानंतर, आणि विचारून.